एअर इंडिया इमारतीचा चेहरा बदलू नका : महाराष्ट्र शासनाला खुले पत्र

प्रति,
मा. मुख्यमंत्री, मा. सार्वजनिक बांधकाम मंत्री, तसेच सार्वजनिक बांधकाम विभागाचे वास्तुविशारद आणि अभियंते,
महाराष्ट्र शासन, मंत्रालय, मुंबई.

महोदय,

नरिमन पॉइंटची एअर इंडिया इमारत आता महाराष्ट्राची झाली आहे. राज्य मंत्रिमंडळाने नोव्हेंबर २०२३ मध्ये ती १,६०१ कोटी रुपयांना घेण्याचा निर्णय केला आणि मार्च २०२४ मध्ये केंद्राने त्याला मान्यता दिली. या व्यवहारात राज्याने आपले सुमारे २९८ कोटींचे येणेही सोडून दिले. ४६,४७० चौरस मीटर जागा मिळेल, मंत्रालयात न मावणारी आणि शहरभर विखुरलेली कार्यालये एका छताखाली येतील, भाडे वाचेल, असा त्यामागचा हिशेब. तो मला पटतो. हे पत्र खरेदीच्या विरोधात नाही. खरेदीनंतर या इमारतीवर जे काम निघेल, त्याची निविदा निघण्याआधी एक मागणी आपल्यापुढे ठेवायची आहे: या इमारतीचा बाह्य चेहरा आहे तसा राखा, आणि तिला वारसा वास्तूंच्या यादीत घ्या.

ही मागणी का, हे सांगायला इमारत उभी आहे त्या जमिनीपासून सुरुवात करावी लागेल, कारण ती जमीन मुळात जमीन नव्हतीच.

बॅकबेचा समुद्र बुजवण्याचे पहिले मोठे स्वप्न १८६०च्या दशकातले. अमेरिकेत यादवी युद्ध पेटले, तिकडचा कापूस इंग्लंडला मिळेनासा झाला आणि मुंबईच्या कापसाला सोन्याचा भाव आला. शहरात इतका पैसा आला की भराव घालणाऱ्या कंपन्यांच्या शेअरवर लोक तुटून पडले. बॅकबे रेक्लमेशन कंपनी त्यातली सर्वांत गाजलेली. १८६५ मध्ये युद्ध संपले, कापूस गडगडला, कंपन्या बुडाल्या आणि अनेक घराणी रस्त्यावर आली. या सट्ट्याच्या केंद्रस्थानी असलेले प्रेमचंद रायचंद यांनी भरभराटीच्या दिवसांत विद्यापीठाला देणगी दिली होती. तिच्यातून उभा राहिलेला, त्यांच्या आईचे नाव असलेला राजाबाई टॉवर १८७८ मध्ये पूर्ण झाला. भराव बुडाला, मनोरा राहिला. त्याची उंची सुमारे ८५ मीटर आणि पुढे कित्येक दशके शहराचे आकाश त्याच्याच मालकीचे होते.

दुसरा प्रयत्न १९२०च्या दशकात गव्हर्नर जॉर्ज लॉइड यांच्या काळात झाला. विकास खात्याने कुलाब्यापासून उत्तरेकडे आठ भागांत समुद्र बुजवण्याची योजना आखली, त्यासाठी कर्ज उभारले. उपसलेला गाळ भिंतीच्या फटींतून पुन्हा समुद्रात जाऊ लागला आणि खर्च वाढतच गेला. खुर्शीद फ्रामजी नरिमन नावाच्या वकिलाने, जे तेव्हा प्रांताच्या विधिमंडळात सदस्य होते, या कारभाराची लक्तरे वेशीवर टांगली. खात्यातले इंजिनिअर हार्वी यांनी त्यांच्यावर अब्रुनुकसानीचा खटला भरला. १९२८ मध्ये नरिमन निर्दोष सुटले, पुढे मुंबईचे महापौर झाले. त्या योजनेचे काहीच भाग पुरे झाले, मधले सोडून द्यावे लागले. आज आपण ज्या भागाला नरिमन पॉइंट म्हणतो तो स्वातंत्र्यानंतर, मुख्यतः १९६०च्या दशकापासून, त्या सोडून दिलेल्या कामातूनच आकाराला आला. ज्या माणसाने भरावातला गैरकारभार उघड केला त्याचेच नाव भरावाच्या टोकाला द्यावे, ही या शहराने केलेली फार चांगली गोष्ट आहे. सार्वजनिक जमीन आणि सार्वजनिक पैसा यांचा हिशेब मागण्याचा हक्क त्या नावातच आहे, आणि हे पत्र मी त्याच हक्काने लिहितो आहे.

या भरावावर कार्यालयांचे मनोरे बांधू नयेत, असे म्हणणारी शहाणी माणसेही तेव्हा होती. चार्ल्स कोरिया, प्रविणा मेहता आणि शिरीष पटेल या तिघांनी १९६०च्या दशकाच्या मध्यात खाडीपलीकडे नवे शहर वसवण्याची कल्पना मांडली. दक्षिणेच्या चिंचोळ्या टोकाला आणखी कचेऱ्या कोंबल्या तर रोज सकाळी सारे शहर एकाच दिशेने धावेल, हा त्यांचा युक्तिवाद. शासनाने कल्पना स्वीकारली, १९७० मध्ये सिडको स्थापन झाली, आणि त्याच सुमारास इकडे नरिमन पॉइंटचे भूखंडही दिले गेले. चर्चगेटची गर्दी आपण पन्नास वर्षे भोगली. नियोजन म्हणून ती चूकच होती असे माझे स्पष्ट मत आहे. पण चुकीच्या जागी उभी राहिलेली वास्तूही चांगली असू शकते आणि काळाची साक्ष तर ती असतेच.

एअर इंडियाची इमारत १९७४ मध्ये पुरी झाली. तेवीस मजले. आज शहरात साठ-सत्तर मजल्यांचे मनोरे उभे राहतात, त्यामुळे हा आकडा फारसा मोठा वाटत नाही. तिच्या उभारणीमागची कंपनी तेव्हा काय होती हे आठवल्याशिवाय तिचा रुबाब कळत नाही. १५ ऑक्टोबर १९३२ रोजी जे. आर. डी. टाटांनी कराचीहून जुहूला टपालाचे छोटे विमान आणले, तिथून ही कथा सुरू होते. जून १९४८ मध्ये ‘मलबार प्रिन्सेस’ मुंबईहून लंडनला निघाले. १९५३ मध्ये राष्ट्रीयीकरण झाले, तरी अध्यक्षपदी जे. आर. डी. राहिले, थेट १९७८ पर्यंत. १९६०मध्ये बोइंग ७०७ आले, दोन वर्षांत सारा ताफा जेट झाला आणि असा संपूर्ण जेट ताफा असलेली ही जगातली पहिली विमान कंपनी ठरली. १९७१ मध्ये पहिले जम्बो आले. सरकारी मालकीची कंपनी जगातल्या उत्तम कंपन्यांशी बरोबरी करू शकते, याचे त्या काळात याहून चांगले उदाहरण देशाकडे नव्हते. म्हणून ही इमारत बांधताना मुख्यालयासोबत एक विधानही केले गेले. समुद्रावरून येणाऱ्याला, मरीन ड्राइव्हच्या कमानीवरून पाहणाऱ्याला दिसणारे.

वास्तुविशारद होते न्यूयॉर्कचे जॉन बर्जी. फिलिप जॉन्सन यांच्यासोबतची त्यांची भागीदारी तेव्हा ऐन भरात होती. मिनिआपोलिसचे आयडीएस सेंटर, ह्यूस्टनचे पेनझॉइल प्लेस हे याच जोडीचे सत्तरच्या दशकातले मनोरे. जॉन्सन यांना १९७९ मध्ये वास्तुकलेतले मानाचे, पहिले प्रित्झकर पारितोषिक मिळाले. म्हणजे ज्या हातांनी तेव्हाच्या अमेरिकी शहरांची आकाशरेषा बदलली, त्यांचेच एक काम आपल्या ताब्यात आहे. शेजारचा एक्स्प्रेस टॉवर्स जोसेफ ॲलन स्टाइन यांचा. तेही जन्माने अमेरिकी, पण त्यांनी हयात भारतात घालवली, दिल्लीचे इंडिया इंटरनॅशनल सेंटर त्यांचेच. एकाच किनाऱ्यावर, दोनेक वर्षांच्या अंतराने, दोन वेगळ्या स्वभावांच्या वास्तुविशारदांनी उंच इमारत म्हणजे काय याची दोन उत्तरे दिली. वास्तुकलेच्या विद्यार्थ्यांना हा धडा जागेवर उभे राहून वाचता येतो.

आता त्या चेहऱ्याविषयी, कारण माझी मागणी त्याच्याभोवती आहे. इमारतीकडे नीट पाहिले तर दिसते ते काँक्रीटचे एक फिकट जाळे आणि त्यात खालपासून वरपर्यंत एकाच मापाने बसलेल्या खिडक्या. भिंत आणि काच यांचे प्रमाण काटेकोर आहे. कुठे मध्येच नक्षी नाही, कुठे रंगाचा पट्टा नाही. एकच खिडकी शेकडो वेळा आवर्तनासारखी येते आणि त्या आवर्तनातून सारा मनोरा घडतो. दुपारनंतर पश्चिमेचा सूर्य समुद्रावरून थेट या भिंतीवर येतो, तेव्हा या जाळ्याची सावली काचेवर पडते आणि मनोऱ्याला खोली येते. नुसती गुळगुळीत भिंत असती तर ती सपाट पत्र्यासारखी तळपली असती.

हे सौंदर्य उपयोगाचेही आहे. सार्वजनिक बांधकाम विभागाच्या अभियंत्यांना हे मी सांगायला नको, पण निर्णय घेणाऱ्यांसाठी लिहितो. काचेतून आत आलेली सूर्याची उष्णता वातानुकूलनाने बाहेर काढावी लागते आणि त्याचे बिल महिन्याला येते. उष्णता आत येऊ न देणे हा सर्वांत स्वस्त उपाय. काचेपेक्षा काँक्रीटचा वाटा जास्त असलेली भिंत ते काम करते. पश्चिमेकडे तोंड असलेल्या मनोऱ्याला वरपासून खालपर्यंत काच लावणे म्हणजे उन्हाला आमंत्रण देऊन मग त्याला हाकलायला यंत्रे बसवणे.

आणि माथ्यावरचे ते चिन्ह, धनुष्य ओढलेला अश्वमानव. चाळीसच्या दशकाच्या अखेरीपासून तो एअर इंडियाच्या विमानांवर होता. इमारतीवर तो चढला तेव्हा ती दिवसाच नव्हे तर रात्रीही ओळखू येऊ लागली. मुंबईत पहिल्यांदा येणाऱ्यांनी मरीन ड्राइव्हवर उभे राहून बोट दाखवावे अशा ज्या दोन-चार गोष्टी होत्या, त्यात हा मनोरा होता. हिंदी-मराठी सिनेमात ‘मुंबई’ दाखवायची तर कॅमेरा इकडेच वळायचा.

या इमारतीला एक जखमही आहे. शुक्रवार, १२ मार्च १९९३. त्या दुपारी शहरात एकामागून एक जे स्फोट झाले, त्यातला एक इथे, गाडीत ठेवलेल्या बॉम्बचा. एकट्या या ठिकाणी वीस माणसे गेली. शहरात मिळून २५७. इमारतीचा सांगाडा उभा राहिला, खालचे मजले दुरुस्त झाले, माणसे पुन्हा कामावर आली. गेलेल्यांत कर्मचारी होते, कामासाठी आलेले होते, रस्त्याने जाणारेही होते. शहर लवकर उठून उभे राहिले याचे कौतुक आपण वारंवार करतो. गेलेल्यांची नावे मात्र सहज वाचता येतील अशी जागा आपण फार थोड्या ठिकाणी ठेवली. ही वास्तू आता राज्याची आहे. प्रवेशद्वाराजवळ, सुरक्षा तपासणीच्या अलीकडे, जिथे कुणालाही थांबता येईल तिथे त्या वीस जणांची नावे कोरावीत, ही विनंती मी इथेच करून ठेवतो. तिला समिती लागू नये.

पुढची गोष्ट लवकर सांगण्यासारखी आहे. वांद्रे-कुर्ला संकुल उभे राहिले, लोअर परळच्या गिरण्यांच्या जागी काचेचे मनोरे आले, एकेकाळी जगातल्या सर्वांत महागड्या जागांत गणल्या गेलेल्या नरिमन पॉइंटमधून बँका आणि कंपन्या निघून गेल्या. एअर इंडियाने २०१३ मध्ये मुख्यालय दिल्लीला हलवले. जानेवारी २०२२ मध्ये कंपनी टाटा समूहाकडे परत गेली. इमारत मात्र त्या व्यवहारातून वगळून केंद्राच्या मालमत्ता कंपनीकडे ठेवली होती, तीच आपण घेतली. कंपनीने दशकानुदशके जमवलेला चित्रांचा आणि कलावस्तूंचा संग्रह, ज्यात हुसेन, गायतोंडे, आरा यांच्यासारख्यांची कामे आहेत, २०२३ मध्ये राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालयाकडे सोपवला गेला. तो सुरक्षित हातात गेला याचा आनंद आहे. एका विमान कंपनीने तरुण चित्रकारांची चित्रे तेव्हा विकत घेतली, तिकीट कार्यालयांत लावली, हे आज कुणाला खरेही वाटणार नाही.

आता माझी भीती मोकळेपणाने सांगतो. सरकारी इमारतीचे ‘नूतनीकरण’ कसे होते हे आपण सगळ्यांनी पाहिले आहे. आधी खिडकीखिडकीत वातानुकूलन यंत्राचे बाहेरचे डबे लटकतात. त्यांच्या नळ्या भिंतीवरून सरपटत जातात. मग गळती थांबवायला पत्र्याची पडवी येते. मग कुणी म्हणते, इमारत जुनाट दिसते, आणि ॲल्युमिनियमच्या चकचकीत पत्र्यांचे किंवा निळ्या काचेचे आवरण सगळ्यावर चढते. आत दगडी फरशीवर नवी फरशी, लाकडी कामावर प्लायवूड, लॉबीच्या मधोमध फ्लेक्सचा फलक. यात कुणाचा वाईट हेतू नसतो. प्रत्येक निर्णय वेगळा, वेगळ्या टेबलावर, वेगळ्या वर्षी होतो. दहा वर्षांनी मागे वळून पाहिले तर मूळ इमारत शिल्लक नसते, आणि ती नेमकी कोणत्या दिवशी गेली हेही सांगता येत नाही.

एअर इंडिया इमारतीबाबत हा धोका जास्त आहे, कारण तिच्या भिंतींना खरोखरच दुरुस्ती लागणार. समुद्राकाठच्या काँक्रीटचा आजार आपल्या अभियंत्यांना ठाऊक आहे. वाऱ्यातून येणारे मिठाचे कण पृष्ठभागावर बसतात, पावसाच्या पाण्यासोबत त्यांतला क्लोराइड आत झिरपतो. हवेतल्या कार्बन डायऑक्साइडने काँक्रीटचा अल्कधर्म हळूहळू कमी होतो. लोखंडी सळईभोवतीचे रासायनिक कवच गेले की गंज धरतो, आणि गंज मूळ लोखंडापेक्षा कितीतरी जास्त जागा मागतो. आतून दाब येतो, वरचा थर फुगतो, तडकतो आणि गळून पडतो. पन्नास वर्षे खाऱ्या वाऱ्यात उभ्या असलेल्या मनोऱ्यात हे कमीअधिक असणारच. मुंबई महापालिका कायद्याच्या कलम ३५३-ब प्रमाणे तीस वर्षांवरच्या इमारतींची संरचनात्मक तपासणी करावीच लागते.

प्रश्न इतकाच, की निदान झाल्यावर उपचार कोणता करायचा. आजारी भिंतीवर पत्रा चढवून ती झाकणे हा उपचार नव्हे. पत्र्यामागे गंज चालूच राहतो, वर दिसत नाही एवढेच. योग्य मार्ग जरा कष्टाचा आहे. आधी प्रत्येक दर्शनी भागाचा नकाशा करून कुठे पोकळ आवाज येतो, कुठे तडा आहे, कुठे क्लोराइड किती खोल गेला आहे हे नोंदवायचे. सळईच्या गंजाची शक्यता विद्युत-विभव मोजून तपासायची. खराब भाग कापून सळई साफ करायची, गरज तिथे नवी जोडायची, आणि मूळ काँक्रीटच्या ताकदीशी व रंगाशी जुळणाऱ्या मिश्रणाने भरायचे. त्यावर बाष्प बाहेर जाऊ देणारा, पण मीठ-पाणी आत येऊ न देणारा लेप. रंग मूळचाच. खिडक्यांच्या चौकटी बदलाव्या लागल्या तरी माप आणि खोली तीच राहिली पाहिजे. काच आजच्या दर्जाची, कमी उष्णता आत घेणारी जरूर बसवा. इमारत जुन्या काळात गोठवून ठेवा असे मी म्हणत नाही.

आतल्या भागात तर मोठे बदल करावेच लागतील. २१ जून २०१२ रोजी मंत्रालयाचे वरचे मजले जळाले, ते आपण विसरू शकत नाही. उंच इमारतीत धूर हा आगीपेक्षा मोठा शत्रू असतो. धूर न शिरणारे जिने, पाण्याचे फवारे, केबलच्या नळमार्गांतल्या फटी प्रत्येक मजल्यावर बंद करणे, अपंगांसाठी सोयी, भूकंपासाठी बळकटी, यांत कुठलीही काटकसर नको. हे सगळे चेहऱ्याला हात न लावता करता येते. जगभर केले गेले आहे.

त्याच संदर्भात एक उदाहरण, आणि ते याच वास्तुविशारदांचे आहे म्हणून मुद्दाम. न्यूयॉर्कच्या मॅडिसन ॲव्हेन्यूवर जॉन्सन आणि बर्जी यांनी एटी अँड टी कंपनीसाठी ग्रॅनाइटचा एक मनोरा बांधला, १९८४ मध्ये. त्याचा माथा जुन्या कपाटाच्या शिरपेचासारखा मधून कापलेला. बांधला तेव्हा त्यावर टीकेचा भडिमार झाला. २०१७ मध्ये नव्या मालकांनी खालच्या मजल्यांचा दगड काढून तिथे काच बसवायचे ठरवले. लगेच वास्तुविशारद, इतिहासकार आणि साधे नागरिक रस्त्यावर उतरले. पुढच्याच वर्षी, जुलै २०१८ मध्ये, शहराच्या वारसा आयोगाने त्या इमारतीच्या बाह्यभागाला संरक्षण दिले. तिचे वय तेव्हा होते चौतीस वर्षे. योजना बदलावी लागली, दगड राहिला, आत आधुनिक कार्यालये झाली आणि मालकांचे दिवाळे वाजले नाही. तिथली मूळ लॉबी मात्र संरक्षणाच्या कक्षेत नव्हती आणि ती गेली. यादीत काय लिहिले आहे आणि काय नाही, यावर किती अवलंबून असते हे त्यावरून कळते.

उलट उदाहरण घरचे आहे. दिल्लीच्या प्रगती मैदानातले हॉल ऑफ नेशन्स १९७२ मध्ये बांधले गेले. वास्तुविशारद राज रेवाल, संरचना महेंद्र राज यांची. पोलाद महाग म्हणून काँक्रीटमध्येच अवकाशी जाळी उभी करण्याचे ते विलक्षण काम. एप्रिल २०१७ मध्ये ते रात्रीतून पाडायला घेतले. वारसा समितीचे म्हणणे असे, की साठ वर्षे झाली नाहीत म्हणजे वारसा नाही. पंचेचाळीस वर्षांची इमारत साठ वर्षांची व्हायला जिवंत राहावी लागते, एवढी साधी गोष्ट त्या नियमात बसली नाही. जगातल्या संग्रहालयांत आज तिची छायाचित्रे आणि प्रतिकृती आहेत.

मुंबईने या बाबतीत देशाला वाट दाखवली आहे. १९९५ मध्ये वारसा नियम लागू झाले, वास्तूंची प्रतवारी झाली. २०१८ मध्ये ओव्हल मैदानाभोवतीच्या व्हिक्टोरियन गॉथिक आणि आर्ट डेको वास्तुसमूहाला युनेस्कोच्या यादीत स्थान मिळाले. मरीन ड्राइव्हच्या आर्ट डेको इमारतींना एकेकाळी कुणी वारसा म्हटले असते तर लोक हसले असते. त्या तेव्हा फक्त भाड्याच्या इमारती होत्या. एकोणिसाव्या शतकाचा दगड जपला, १९३०-४०च्या दशकांची वळणे जपली, मग स्वातंत्र्यानंतरच्या तीस-चाळीस वर्षांचे काँक्रीट आपण कोणत्या खात्यात टाकणार? नेहरू सेंटर, कांचनजंगा, वर्ल्ड ट्रेड सेंटर, एक्स्प्रेस टॉवर्स, एअर इंडिया. स्वतंत्र देशाने या शहरात पहिल्यांदा आपल्या पैशाने आकाशाकडे पाहिले तो हा काळ. त्यातल्या बहुतेक इमारती खासगी मालकांच्या किंवा संस्थांच्या आहेत, आणि खासगी मालकाला वारशाचे ओझे वाटते हे मी समजू शकतो. इथे मालक आपण, यादीला अंतिम मंजुरी देणारे नगरविकास खाते आपले, दुरुस्ती करणारा विभागही आपलाच. कुणाचे नुकसान होत नाही, कुणाला भरपाई द्यायची नाही. या काळातल्या वास्तूंच्या संरक्षणाची सुरुवात करायला याहून सोपी इमारत मिळणार नाही.

एक आक्षेप मला माहीत आहे. राज्यात शाळांच्या छपरांना पैसे नाहीत, जिल्हा रुग्णालयांत खाटा नाहीत, तिथे काँक्रीटच्या जाळ्याचे काय कौतुक? हा प्रश्न रास्त आहे. म्हणूनच सांगतो, की मी मागतो ते जादा खर्चाचे काम नाही. ॲल्युमिनियमचे किंवा काचेचे आवरण फुकट येत नाही. ते चढवण्याचा, धुण्याचा आणि पंधरा-वीस वर्षांनी उतरवून बदलण्याचा खर्च मूळ भिंत दुरुस्त करण्याच्या खर्चात मिळवून पाहा. मूळ भिंत दोन्ही वेळा दुरुस्त करावीच लागते. आवरणाचे पैसे वाचवले तर ते शाळेच्या छपराला जातील.

चेहऱ्याशिवाय आणखी दोन गोष्टी. पहिली, इमारतीचे मूळ नकाशे, संरचनेची गणिते, बांधकामाच्या वेळची छायाचित्रे, पत्रव्यवहार. मालकी बदलते तेव्हा सर्वांत आधी कागद हरवतात. विमान कंपनी, केंद्राची मालमत्ता कंपनी आणि आपण अशा तीन हातांतून हा व्यवहार झाला आहे. जे काही हस्तांतरित झाले ते एल्फिन्स्टन कॉलेजच्या इमारतीत असलेल्या राज्याच्या पुराभिलेखागारात जमा करावे, आणि जे आले नाही ते केंद्राकडून मागून घ्यावे. दुरुस्ती करणाऱ्या अभियंत्यालाही आधी तेच लागणार आहेत.

दुसरी, तळमजला. मंत्रालयात जाणाऱ्या सामान्य माणसाला पास, रांग आणि तपासणी या सगळ्यांतून जावे लागते. कारणे योग्य असतील. पण मरीन ड्राइव्हच्या टोकाला, जिथे रोज संध्याकाळी हजारो लोक समुद्र बघायला येतात, तिथे राज्याच्या मालकीचा तळमजला पूर्ण बंद राहू नये. त्याचा एक भाग जनतेसाठी ठेवा. राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालयाशी बोलून एअर इंडियाच्या संग्रहातली काही चित्रे आळीपाळीने इथे मांडा. त्याच भिंतीवर भरावाचा, नरिमन खटल्याचा आणि या इमारतीचा इतिहास मराठीत लिहा. माथ्यावरच्या चिन्हाचा निर्णय टाटा समूहाशी बोलून घ्यावा लागेल, कारण एअर इंडिया हे नाव आता त्यांच्याकडे आहे. शासनाचे बोधचिन्ह तिथे लावण्याची घाई मात्र कृपया करू नका. लोक तिला ‘एअर इंडिया’च म्हणत आले आहेत आणि पुढेही म्हणतील.

हे सारे करण्यासाठी नवा कायदा लागत नाही. नूतनीकरणाचा आराखडा निविदेआधी संकेतस्थळावर ठेवा, दर्शनी भागांच्या रेखाचित्रांसह. त्यावर सूचना मागवायला साठ दिवस द्या. अनुभवी संवर्धन वास्तुविशारद आणि काँक्रीट दुरुस्तीतला जाणकार संरचना अभियंता या दोघांना सल्लागार म्हणून सुरुवातीपासून घ्या, काम निम्मे झाल्यावर नको. निविदेच्या अटींत स्पष्ट लिहा, की बाह्य भिंतीवर कोणतेही आवरण चढणार नाही आणि यंत्रांचे डबे दर्शनी बाजूला लागणार नाहीत. आणि वारसा यादीचा प्रस्ताव मुंबई वारसा संवर्धन समितीकडे मालक या नात्याने आपणच पाठवा.

या पत्राचे उत्तर मला व्यक्तिशः नको आहे. आराखडा जाहीर झाला की ते मिळाले असे मी समजेन.

आपला नम्र,
मुंबईतला एक नागरिक